दहा हजार गेम आणि तुझे बाबा

प्रिय ढब्या,

पत्र बघून घाबरू नकोस. कोणी गेलेलं नाही. फोन का नाही केला म्हणशील, तर फोनवर तू अर्ध्यातच "आई, ठेवतो, मग करतो" म्हणतोस. आणि आपल्या घरात फोनला आवाज नीट येतो तो एकाच कोपऱ्यात, तिथेच बाबांची खुर्ची आहे. त्यांच्याबद्दल त्यांच्यासमोर किती बोलायचं? त्यांना बोलता येत नाही, ऐकू सगळं येतं. हे लोक विसरतात. त्यांच्या डोक्यावरून आपसात बोलतात, जसं काही खुर्चीत कपड्यांचं गाठोडं ठेवलंय. म्हणून लिहितेय. माझं शिक्षण तुला माहितीये, सातवीत शाळा सुटली आणि शिलाई मशीनवर बसले ती अजून उठले नाही. चुका काढत बसू नकोस. एक तारखेला तू गाडी घेऊन येणार आणि बाबांना त्या शुश्रूषा केंद्रात कायमचं नेऊन सोडणार असं ठरलंय, त्याबद्दल लिहायचंय. पण आधी गेमचं लिहावं लागेल, त्याशिवाय तुला पुढचं कळायचं नाही.

मागच्या खेपेला तू माळ्यावर चढून तुझं शाळेतलं गेमचं यंत्र खाली काढलंस. मी म्हटलं होतं, राहू दे, धूळ उडेल. पण तू कधी ऐकलंयस? दोन दिवस फरशीवर पालथा पडून वायरी जोडत होतास, सूनबाई तुझ्या अंगावरून ओलांडून ये-जा करत होती. त्याच्या पोटात तू नवीन डिस्क बसवलीस आणि मला समजवायला लागलास, की आई, ह्याला एम्युलेटर म्हणतात, हे यंत्र आता त्याच्याहून जुन्या सगळ्या यंत्रांची सोंगं घेणार. मी म्हटलं, ह्याचं झाकण रबरबँडनं बांधलंय, स्वतःचं काम धड होईना, सोंगं कसली घेतंय. तू हसलास. मग छाती फुगवून म्हणालास, "आई, दहा हजार गेम आहेत ह्यात. दहा हजार! बाबांना जन्मभर पुरतील." मला तेव्हाच म्हणायचं होतं, की त्यांचा व्यायाम करून घ्यायला येते ती मुलगी फक्त एवढंच म्हणाली होती, उजव्या हाताचा अंगठा हलता ठेवा. अंगठा एक आहे. एक गेम पुरला असता. पण तू इतक्या हौसेनं केलंस, आणि बाबा पण अर्धांगाच्या झटक्यानंतर पहिल्यांदा पुढे वाकून काहीतरी बघत होते, म्हणून मी गप्प बसले.

गेमनं फायदा झाला, ते नाही म्हणत नाही. अंगठा हलायला लागला. कंट्रोलर मांडीवरून सारखा घसरायचा, म्हणून मी जुन्या उशीला जाड इलॅस्टिक लावून त्यात तो अडकवून दिला. उशी मांडीवर, कंट्रोलर उशीवर, डावा हात मजेत चालतो, उजवा अंगठा दम खात खात उडी मारायचं बटण दाबतो. त्यामुळे त्यांचा माणूस पुष्कळदा उडी मारतो ती खड्ड्यात पडल्यावर. तरी खेळतात. पण ढब्या, ते यंत्र चालू करून द्यायला माणूस लागतो. आणि तुझं ते सोंगाड्या यंत्र मधेच रुसतं. टीव्ही काळा होतो, नुसती घरघर ऐकू येते. मग मी हातातलं कापड टाकून उठायचं, मागचं बटण बंद करायचं, थांबायचं, परत चालू करायचं, आणि मग ती यादी पहिल्यापासून उघडते, ती ह्यांनी सोडली होती तिथपर्यंत खाली खाली न्यायची. परत येऊन सुईत दोरा ओवते तोवर पुन्हा त्यांची हाक, "ए". लिहायला दोन ओळी पुरतात. करून बघ.

बरं, कुठलाही एक लावून बसा ना म्हटलं तर ते नाही. तुला माहितीये माणूस कसा आहे. सगळी नोकरी बस चालवली. थांबा आला की थांबायचं, कोणी उभं असो नसो. कंडक्टर म्हणायचा, "साहेब, कुत्रं पण नाही तिथे, चला ना सरळ." हे थांबायचे, आरशात बघायचे, मगच निघायचे. तसंच ह्या यादीचं. पहिल्यापासून सुरू केली. प्रत्येक गेम उघडायचा, त्यात एकदा मरायचं, मग पुढचा. आवडो न आवडो. एका गेममध्ये नुसते आकडे आणि नकाशे होते, काय करायचं ते देवाला ठाऊक, तरी तो संपेपर्यंत बसून राहिले, मधे डुलकी पण काढली. मी म्हटलं, अहो, सोडा तो. माझ्याकडे असं बघितलं, जशी मीच तिकीट न काढता चढलेय. अजून पहिल्याच अक्षरात आहेत. ह्या वेगानं गेलं तर तुझ्या नातवंडांना बसवावं लागेल शेवटाला.

आता ऐक. आजारपणानंतर त्यांच्याकडे शब्द किती उरलेत तुला माहितीये. "हो". "ए" म्हणजे मी. "झालं". आणि ती एक शिवी, जी मी इथे लिहिणार नाही, ती मात्र एकदम खणखणीत येते. डॉक्टर म्हणतात असं होतं. गेम एकदा मरून संपला की म्हणायचे "झालं", म्हणजे पुढचा लावायचा. इथपर्यंत ठीक. मग हळूहळू असं व्हायला लागलं, की पुढचा गेम नुसता उघडला, अजून सुरू पण नाही केला, की म्हणायचे "झालं". मी म्हणायचे, अहो, आत्ता तर लावला, हा पुढचा आहे. ते टीव्हीकडे बोट दाखवून "झालं, झालं". मी यादी उघडून दाखवायचे, की बघा, आधी तिथे होतो, आता खाली इथे आहोत. इंग्रजी मला येतं तेवढंच, सुरुवातीची अक्षरं सारखी दिसायची पण शेवटी काहीतरी वेगळं असायचं, म्हणजे गेम वेगळा. त्यांना तर आता वाचताच येत नाही. ते ऐकायचे, आणि थांबा टाकून जायचं नाही म्हणून तो पण खेळायचे, पण खेळताना तोंड असं करायचे, जसं लहान मुलाला फसवून औषध पाजलंय. एकदा उशीसकट कंट्रोलर फेकला. एकदा रडले. मी त्यांना कधी रडताना बघितलं नव्हतं, तुझी आजी गेली तेव्हा पण नाही.

तुला फोन केला तर तू काय म्हणालास आठव. "आई, एकही गेम परत नाही त्यात. सगळे वेगळे आहेत. बाबांचंच काहीतरी बिनसलंय." मग डॉक्टरांकडे नेलं. दोन माणसं लावून जिन्यावरून उतरवलं, रिक्षात घातलं, तिथे बाकावर बसून राहिलो, ते सगळं परत सांगत नाही. डॉक्टरांनी मला विचारलं तर मी जे बघत होते ते सांगितलं, की नवीन गोष्ट दाखवली तरी ही आधी झाली म्हणतात, आणि हट्टाला पेटतात. त्यांनी तिथूनच तुला फोन लावला, तू त्यांना पण तेच सांगितलंस. ते म्हणाले, असं होतं, नवीन गोष्ट जुनी वाटायला लागते, आता हे वाढत जाईल, एकट्या बाईनं घरी सांभाळणं कठीण आहे. बाबा समोरच बसले होते. "झालं" म्हणाले. डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं, बघा, असं. आणि त्यानंतर तू ते केंद्र शोधलंस, जागा धरून ठेवलीस, फोटो पाठवलेस. फोटोतली खोली चांगली होती. खिडकी मोठी होती.

आता मागच्या आठवड्यातली गोष्ट. दुपारी एका गिऱ्हाइकाचा ब्लाउज उसवत बसले होते. ह्यांचं आतून सुरू झालं, "झालं, झालं, ए, झालं", आणि मग शिवी. माझं टाळकं सरकलं. म्हटलं आज ह्यांना खोटं पाडायचंच, म्हणजे एकदाचं कायमचं गप्प बसतील. स्टूल ओढलं, टीव्हीसमोर बसले, उशी त्यांच्या मांडीवरून काढून माझ्या मांडीवर घेतली. म्हटलं, झालंय ना? मग सांगा, आता पुढे काय येणार? सांगा! ढब्या, मी आयुष्यात पहिल्यांदा ते बटण हातात घेतलं. टीव्हीतला तो टोपीवाला ठेंगू पळायला लागला आणि ह्यांनी डावा हात वर केला. बस मागे घेताना खाली उभा असलेला माणूस दाखवतो ना, या, या, या, बास, तसा. हात खाली दाबला, मी थांबले, वरनं काहीतरी धप्पकन पडलं, ते माझ्या डोक्यात पडलं असतं. हात वर उचलला, मी उडी मारली, खाली खड्डा. खड्डा दिसायच्या आधी हात उचलला होता, हे लक्षात घे. परत थांब. परत उडी. आता दोन वेळा. मी कधी शिलाई मशीनचा पेडल सोडून काही चालवलं नाही, पण ह्यांच्या हातावर मी इतकी लांब गेले की मला घाम फुटला. शेवटी मेले ते माझ्या चष्म्यामुळे, त्यांच्यामुळे नाही.

मी त्यांच्याकडे बघितलं.  त्यांचा हात अजून वरच होता. मी यादीतला पुढचा लावला. नाव वेगळ्याच लिपीत आलं, टोपीचा रंग दुसरा, गाणं जरा रेंगाळत वाजत होतं, सगळंच ब्रेकवर पाय ठेवल्यासारखं चाललं होतं. म्हटलं, हा तर नक्की नवीन. हात खाली. थांबले. धप्प. हात वर. खड्डा.

उठून मी स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. मग जिन्यात गेले, तिथे आवाज तुटतो तरी तिथूनच सूनबाईला फोन लावला, तुला नाही. म्हटलं, बाई, मला खरं सांग, त्या डबड्यात एकच गेम दोनदा असू शकतो का? ती आधी हसली. म्हणाली, "आई, दोनदा काय, पाच-पाच वेळा असतो. एकच गेम, ह्या देशात विकला तो वेगळा, त्या देशात विकला तो वेगळा, नावापुढे तेवढं अक्षर बदलतं. मी म्हटलं होतं त्याला, निवडून टाक. पण निवडले तर दहा हजार कुठून भरायचे? इंटरनेटवरून एकगठ्ठा उतरवलं आणि टाकलं. उघडून एक पण बघितला नाही." आणि मग बोलता बोलता तिला कळलं मी का विचारतेय.  मग म्हणाली, "म्हणजे बाबा बरोबर होते?" मी म्हटलं, तुझ्या नवऱ्याला इतक्यात काही बोलू नकोस, मी लिहिते. तिनं शब्द पाळला असेल तर हे तू पहिल्यांदा वाचतोयस.

तुला बोल लावायला लिहीत नाहीये. तू चांगल्या मनानं केलंस. डॉक्टरांना पण मी जाऊन सांगितलं, त्यांनी ऐकून घेतलं, म्हणाले मग परत नीट तपासू, त्यांनाही काय, आपण सांगितलं तेच त्यांनी धरलं. बाबांची वाचा गेली, वाचणं गेलं, उजवी बाजू अर्धी गेली. डोकं शाबूत आहे. इतके दिवस घरात एकच माणूस खरं बोलत होता आणि त्याच्याकडे बोलायला एकच शब्द होता. हे तुला कळायलाच हवं होतं, आणि इथे पत्र संपवलं असतं तर बरं दिसलं असतं. पण मला बरं दिसण्याचा कंटाळा आलाय.

केंद्रवाल्यांनी सांगितलं होतं, प्रत्येक कपड्याला आतून नावाची पट्टी शिवून पाठवा, धुण्यात अदलाबदल होते. मी शिवत होते. सदरे, पायजमे, बनियन, मोजे पण. कळल्यावर थांबायला हवं होतं की नाही? मी नाही थांबले. सूनबाईचा फोन ठेवला, आत आले, ह्यांना पाणी पाजलं, तोंड पुसलं, आणि मशीनवर बसून उरलेल्या पायजम्यांना पट्ट्या लावल्या. दुसऱ्या दिवशी पण. जिन्यात फोन ठेवल्यावर माझ्या मनात पहिलं काय आलं सांगू? आनंद नाही. मनात आलं, म्हणजे आता हे नाही जाणार. म्हणजे परत मीच. त्या मोठ्या खिडकीच्या खोलीचा फोटो आला होता ना, तेव्हापासून मी रोज हिशोब करत होते, की ते तिथे गेले की मी पहिल्या दिवशी काय करणार. काही नाही करणार. आडवी होणार. कोणी "ए" म्हणणार नाही. चांगलं डोकं असलेल्या माणसाला मी तेवढ्यासाठी गाडीत बसवून दिलं असतं, आणि तोंडानं म्हटलं असतं की डॉक्टरांनीच सांगितलं. तिसऱ्या दिवशी मोजा हातात घेतला तर ते खुर्चीतून माझ्याकडे बघत होते. पट्टी कशाला लावतेय ते त्यांना माहिती होतं. कधीपासून माहिती होतं कोण जाणे.  "झालं" पण म्हणाले नाहीत. मी मोजा खाली ठेवला. परत उचलला नाही.

तर आता कामाचं. केंद्राला मी काल नाही म्हणून कळवलंय, तुला विचारलं नाही. पण मला आता होत नाही, ढब्या. आजार नाही. सगळे विचारतील काय झालं, काही झालेलं नाही. दमलेय. उठताना दमलेली असते. तुझी मावशी केव्हाची म्हणतेय ये, एक खोली रिकामी आहे, नुसती झोप. मी जाणार आहे, महिनाभर. तू ठरल्या दिवशी ये, पण न्यायला नाही, राहायला. रजा घेतलीच आहेस ती वाढव. बाई लावून देतो म्हणू नकोस, सूनबाईला पाठवतो असं तर अजिबात म्हणू नकोस, तिला तिची नोकरी आहे. तू ये. त्यांना उठवायचं कसं, आंघोळीला खुर्ची कुठे ठेवायची, घास किती मोठा द्यायचा, सगळं दाखवून मग निघेन. त्यांना सांगितलंय मी. समोर बसून सांगितलं, डोक्यावरून नाही. म्हटलं, महिनाभर मुलगा बघेल, मी बहिणीकडे जाते, चालेल?  त्यांनी डाव्या हातानं खुर्चीच्या लाकडावर दोनदा थाप मारली. कंडक्टरनं पत्र्यावर दोनदा वाजवलं की बस सोडतात, तशी. आता शेवटचं. तू नाही आलास तरी मी जाणारच, असं इथे लिहायचं होतं, म्हणजे तू घाबरून तरी आला असतास. पण ते खोटं आहे आणि ते तुलाही माहितीये. तू नाही आलास तर मी कुठे जाणार आहे? उशी उचलीन, मागचं बटण दाबीन, यादी खाली नेईन. म्हणून ये.

तुझीच,
आई